फ्रीजरमधली प्रत

लेंपी हापाला गेल्यावर चौथ्या दिवशी
तिच्या भाच्याचा फोन आला, फ्रीजर तेवढा रिकामा करून द्या.
डुलुथला मार्चमध्ये फ्रीजर लागतोच कशाला?
खिडकीबाहेर अख्खं सरोवर थिजलेलं.
पण एकदा सॉनाच्या चुलीतून ठिणगी उडाली
आणि तिची पहिली कादंबरी, एकुलती एक प्रत, जळून गेली.
असं ती सांगायची.
तेव्हापासून घर पेटलं तर मागे काय उरेल
याचा हिशेब तिने करून ठेवला होता.

बाप खनिजाच्या धक्क्यावर.
आई खलाशांचे सदरे धुवायची,
पाणी तीनदा बदललं तरी चौथं गुलाबीच.
हे तिच्या दुसऱ्या पुस्तकात आहे.
चारशे बारा प्रती खपल्या,
त्यांतल्या सहा कुणाकडे आहेत ते मला माहीत आहे.

मग बावीस वर्षं संपादक,
हार्डवेअरच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत,
दुसऱ्यांच्या वाक्यांच्या गाठी सोडवत.
एका बड्या लेखकाची नव्वद पानं तिने उडवली,
उरलेल्याला बक्षीस मिळालं,
आभारात तिचं आडनाव चुकीचं छापलं गेलं.
दुसऱ्या आवृत्तीतही तसंच.
म्हणाली, प्रुफं मीच तपासली होती ना.

मंगळवारी संध्याकाळी खलाशी संघाच्या हॉलमध्ये आमचा वर्ग.
रेडिएटर खोकायचा, ती थांबायची,
त्याचं झालं की पुन्हा बोलायची.
बोटीवरचा निवृत्त स्वयंपाकी रेमंड,
शाळेची बस चालवणारी डोरिन,
आणि रात्रपाळीआधी युनिफॉर्मातच येणारी मी, नर्स.
पहिलं पान फाडा, म्हणायची,
ते नुसतं घसा खाकरणं असतं.
कुणी छान लिहिलं की हिरव्या पेन्सिलीने
समासात एवढंच:
खरं आहे, की नुसतं छान?

एकदा तिने एक निनावी प्रकरण वाटलं.
जुन्या विद्यार्थ्याचं आहे, भीडभाड ठेवू नका.
आम्ही ठेवली नाही.

फ्रीजरमध्ये ब्लूबेरी, दोन मासे,
आणि मेणकागदात, सुतळीने बांधलेलं, एखाद्या मटणाच्या तुकड्यासारखं,
तेच प्रकरण. पुढची तीनशे पानंही.
समासात आम्ही होतो, तिच्या अक्षरात.
रेमंड: बोटीवर इतकी शांतता नसते. — बरोबर. काढलं.
डोरिन: ही आई फारच गोड आहे. — बरोबर. कडू होती.
आणि माझं, जे मी विसरून गेले होते:
लिहिणारीला जे सांगायचंय ते पलीकडच्या खोलीत आहे,
आणि कडी तिनेच घातलीय.
याच्यापुढे काही नाही.
हिरवं टोक टेकवून उचलल्याचा फक्त एक ठिपका.

पान उलटलं. नवं प्रकरण, तारखा अकरा,
दहा खोडलेल्या. पहिलं वाक्य:
*ठिणगी उडाली नव्हती. मी एकेक पान चुलीत घातलं
आणि पाण्याचा हबका मारून वाफेत बसले,
आई बाहेरून विचारत होती, अजून किती वेळ?*

आता ही कादंबरी.
कादंबरीतल्या 'मी'वर विश्वास ठेवू नका
हे तिनेच आम्हाला शिकवलं.
पण त्या पानावर, अख्ख्या चोपडीत फक्त त्याच पानावर,
समास कोरा.

पानं ओलसर होत चालली होती.
मी ती रेडिएटरवर पसरली, एकेक सुटी करून,
जसा भाजलेल्या माणसाच्या हातावरचा गॉज सोडवतात.
एके ठिकाणी स्वल्पविराम हवा होता.
पर्समध्ये पेन्सिल होती, हिरवी नव्हती.

भाच्याने दारातून विचारलं,
बेरी टाकून द्यायच्या का?
मी म्हटलं, थांब जरा,
दोनच पानं राहिलीत.
खरं तर दोनशे होती.